“सारखं वाटतंय” म्हणालो आणि इथं कुणी हसलं नाही : टिळकवाडीतल्या या क्लिनिकचा माझा अनुभव

५ पैकी ४ स्टार. एक स्टार कशासाठी कापला ते खाली लिहिलंय. पण आधी महत्त्वाचं ते सांगतो, कारण हा रिव्ह्यू वाचणारा माणूस बहुतेक रात्री दोन-तीन वाजता जागा असणार आणि स्वतःच्या हाताकडं बघत बसलेला असणार, मी पण असाच बसायचो. तर बाबा रे, ताई गं, तुला जे होतंय त्याला नाव आहे. आपण स्वतःपासून सुटून गेल्यासारखं वाटणं, आपलाच आवाज दुसऱ्या कुणाचा तरी वाटणं, याला डीपर्सनलायझेशन म्हणतात. आणि आजूबाजूचं जग लांब, सपाट, स्वप्नातलं किंवा काचेमागं असल्यासारखं वाटणं म्हणजे डीरिअलायझेशन. दोन्ही बऱ्याचदा जोडीनं येतात आणि डॉक्टर लोकांच्या पुस्तकात त्यांना एकाच आजारात धरलंय. हे वेड लागणं नाही. हे मला पहिल्यांदा या क्लिनिकमध्ये कळलं, म्हणून एवढं लांबलचक लिहायला बसलोय.

मी उद्यमबागेत एका मशीन शॉपमध्ये क्वालिटीला आहे. हायड्रॉलिकचे पार्ट असतात, दिवसभर मायक्रोमीटर, बोअर गेज, गो-नोगो म्हणजे पीस पास की नापास ते सांगणारं गेज, दहा-दहा मायक्रॉनसाठी भांडणं. राहायला अनगोळला. हे सांगतोय कारण माझं कामच असं आहे की वस्तू हातात धरायची आणि ती बरोबर आहे की नाही ते सांगायचं, आणि त्याच हातात धरलेल्या वस्तूवरचा विश्वास उडाला तर माणसाचं काय होतंय ते मी बघितलंय.

सुरुवात २०२३ च्या गणपती विसर्जनाला झाली. त्याआधी तीन आठवडे नाईट शिफ्ट चालू होती, दिवसा घरात पोरगी लहान, झोप म्हणाल तर चार तास, ती पण तुकड्या-तुकड्यानं. आपल्या बेळगावची विसर्जन मिरवणूक तुम्हाला माहितीच आहे, कपिलेश्वर तलावापर्यंत पोचेस्तोवर सकाळ होते. मी आमच्या मंडळाबरोबर होतो, डीजे छातीत वाजायलाय, लाईट झपझप मारायलेत, आणि एका क्षणाला आवाज एकदम लांब गेला. बंद नाही झाला, लांब गेला, विहिरीत कानापर्यंत बुडल्यावर काठावरची माणसं कशी ऐकू येतात तसं. मित्र समोर नाचत होता, तो मला टीव्हीतला वाटला. छाती धडधडायला लागली, हाताला मुंग्या, वाटलं आता पडतोय. गर्दीतनं कसाबसा बाहेर आलो, एका बंद दुकानाच्या पायरीवर बसलो, पाणी प्यालो, घरी गेलो, झोपलो. सकाळी उठलो तर छातीचं सगळं थांबलेलं पण माझ्या आणि जगाच्या मधली ती काच तशीच.

ती काच पुढं दीड वर्ष कमी-जास्त होत राहिली.

कसं असतंय ते सांगतो कारण हे शब्दात सांगता येत नाही म्हणूनच माणूस गप्प बसतो. डोळ्याला सगळं नीट दिसतंय, चष्म्याचा नंबर बदललेला नाही. बायकोचा चेहरा ओळखू येतोय, ही माझी बायको हे माहिती आहे, पण ती ओळख आत कुठं जाऊन पोचत नाही. पोरगी गळ्यात पडते, वजन जाणवतंय, माया जाणवत नाही, आणि ती का जाणवत नाही म्हणून पोटात गोळा येतोय. सकाळी खाल्लेले पोहे दुपारी गेल्या वर्षी खाल्ल्यासारखे वाटतात. खानापूर रोडवर रोज ज्या झाडाखालनं गाडी घालतो ते झाड आज कुणीतरी आणून लावल्यासारखं. आरशात बघितलं की हा कोण बघायलाय म्हणून दचकायला होतंय. कामात मात्र चूक नाही हो! एक पीस चुकीचा पास केला नाही मी त्या काळात. त्यामुळं बाहेरच्या माणसाला काही दिसतच नाही, तुम्ही हसताय बोलताय जेवताय, सगळं बरोबर करताय, फक्त करणारा जागेवर नाही असं वाटतंय.

पुढचे चार महिने मी नको तिथं फिरलो. एका डॉक्टरनी ताकदीची इंजेक्शनं दिली, एकाकडं डोक्याचा एमआरआय झाला, नॉर्मल आला, मग मला सांगण्यात आलं की तुम्हाला काही झालेलं नाही, जास्त विचार करू नका. हे वाक्य मी किती जणांकडनं ऐकलं असेल. माझ्या आईनं मीठ-मोहऱ्यांनी दृष्ट काढली, तीन वेळा काढली, आणि मी तिला एका शब्दानं पण बोललो नाही, कारण त्या अख्ख्या काळात माझ्या तोंडाकडं नीट बघून ‘याला काहीतरी झालंय’ असं मान्य करणारी तीच एक होती. मोबाईलवर बघायला गेलो तर काही लोक सांगत होते हा आत्मज्ञानाचा पहिला टप्पा आहे, त्यात खोल जा. कृपा करून असलं ऐकून खोल जाऊ नका, मी रात्री डोळे मिटून खोल जायला बघितलं आणि दुसऱ्या दिवशी मला कामावर जाता आलं नाही. शॉपमध्ये एका मित्राला धीर करून सांगितलं, तो चांगला माणूस आहे, पण त्याच्या तोंडून पटकन गेलं, “काय रे, धारवाडला पोचवायला पाहिजे की तुला!” आपल्याकडं धारवाड म्हटलं की वेड्यांचं हॉस्पिटल, हे इकडच्या माणसाला सांगायला नको. तो हसला, मी पण हसलो, आणि नंतर दोन महिने कुणाला काही बोललो नाही.

जानेवारी २०२४ मध्ये एका रात्री तीन वाजता मी १४४१६ ला फोन लावला. हा टेलिमानस म्हणून सरकारी नंबर आहे, १० ऑक्टोबर २०२२ पासून देशभर चालू आहे, फुकट आहे, रात्री पण उचलतात, सुरुवातीला भाषा निवडायला सांगतात. मी हिंदीत बोललो. पलीकडच्या बाईंनी मध्ये न तोडता ऐकून घेतलं आणि विचारलं की आत्ता जिवाचं काही बरंवाईट करावं असं मनात येतंय काय. येत नव्हतं, तसं सांगितलं. मग म्हणाल्या, तुमच्या गावात मानसोपचाराच्या डॉक्टरला एकदा भेटा, हे त्यांच्या ओळखीचं दुखणं आहे. ‘ओळखीचं’ या एका शब्दावर मी त्या रात्री झोपलो. दुसऱ्या आठवड्यात बायकोनं शोधाशोध करून या क्लिनिकची अपॉइंटमेंट घेतली.

आता क्लिनिकबद्दल. टिळकवाडीच्या दुसऱ्या रेल्वे गेटकडनं आत आलात की पहिल्या मजल्यावर आहे, खाली मेडिकल. एक सायकियाट्रिस्ट डॉक्टर आणि एक काउन्सेलर मॅडम. दोघांतला फरक मला पण माहिती नव्हता. डॉक्टर एमबीबीएस करून पुढं मानसोपचार शिकलेले, ते तपासतात आणि गोळ्या लिहून देतात, मॅडम क्लिनिकल सायकॉलॉजीच्या, त्या बोलून उपचार करतात, गोळ्या देत नाहीत. गोळी नको म्हणून डॉक्टरला टाळू नका, कारण पहिली तपासणी त्यांच्याकडंच होते आणि ती लागते.

डॉक्टरांनी पहिल्या दिवशी पाऊण तास दिला. बेळगावचे आहेत, आपलंच मराठी बोलतात, मध्येच कन्नड, आणि मला ते फार बरं वाटलं कारण पुस्तकी मराठीत मला माझं दुखणं सांगताच आलं नसतं. त्यांनी विचारलं, डोक्याला मार लागला होता काय, फिट येते काय, अर्धशिशी आहे काय, गांजा वगैरे ओढलाय काय, झोप किती, चहा किती, घरात कुणाला असा त्रास होता काय, कानात आवाज येतात काय, कुणी माझ्या मागावर आहे असं वाटतंय काय. गांजाचं विचारल्यावर मला राग आला होता. नंतर कळलं की कॉलेजच्या पोरांत बऱ्याच वेळा हा त्रास गांजानंतर सुरू होतो, आणि बहुतेकांची सुरुवात सोळा-सतराच्या आसपासच होते, म्हणजे मला तेहतिसाव्या वर्षी झालं ते उशीराच. ज्यांची पोरं आरपीडी, जीएसएस किंवा कुठंही कॉलेजला आहेत त्यांनी हे लक्षात ठेवा, पोरगं ‘मला सगळं खोटं वाटतंय’ म्हणालं तर त्याला मोबाईल कमी बघ म्हणून उडवून लावू नका. रक्ताच्या टेस्ट सांगितल्या, थायरॉईड, बी-ट्वेल्व, साखर. आणि ईईजी म्हणजे मेंदूच्या लहरींची तपासणी, कारण फिटच्या एका प्रकारात पण असंच वाटू शकतंय, ते नाही याची खात्री करायला. सगळं ठीक आलं.

मग त्यांनी जे सांगितलं त्यासाठी मी पाच स्टार दिले असते. मी विचारलं, डॉक्टर, मला वेड लागायलंय काय? ते म्हणाले, “तुम्ही आल्यापासून ‘सारखं’ हा शब्द किती वेळा म्हणालात माहिती आहे काय? काचेसारखं, स्वप्नासारखं, टीव्हीतल्यासारखं. मी कागदावर रेघा मारत होतो, सतरा झाल्या. ज्या आजाराला तुम्ही भिताय त्यातला माणूस ‘सारखं’ म्हणत नाही. तो म्हणतो, काच आहेच. तुम्हाला माहिती आहे की काच नाही, फक्त असल्यासारखं वाटतंय. ते ‘सारखं’ जोवर आहे तोवर तुमचा खऱ्या-खोट्याचा काटा जागेवर आहे.” कागद वळवून दाखवला मला त्यांनी, खरंच सतरा रेघा होत्या, पाच-पाचचे गठ्ठे करून, आम्ही शॉपमध्ये पीस मोजताना करतो तसे.

मी तिथं रडलो. चार महिन्यांत पहिल्यांदा काहीतरी आतपर्यंत पोचलं होतं.

पुढची सेशन्स मॅडमकडं, पहिली आठ दर आठवड्याला, मग पंधरा दिवसांनी, एकूण चौदा झाली. पहिल्यांदा त्यांनी २९ प्रश्नांची एक मोजणी घेतली, केंब्रिज डीपर्सनलायझेशन स्केल म्हणतात त्याला, सन २००० मध्ये इंग्लंडमधल्या संशोधकांनी छापलेली. गेल्या सहा महिन्यांत असं असं वाटलं काय, किती वेळा, आणि वाटलं की किती वेळ टिकलं. एकूण मार्क २९०, ७० च्या वर गेलं की या आजाराचा विचार करतात. माझे १३२ आले. मोजमापवाला माणूस मी, आकडा बघून मला धीर आला, कारण जे मोजता येतंय ते खोटं नसतंय. प्रश्न मूळ इंग्रजीत आहेत, मॅडम एकेक वाचून मराठीत समजावून सांगायच्या, आणि त्यातले काही प्रश्न ऐकून अंगावर काटा आला, म्हणजे माझ्या डोक्यातलं वाक्य केंब्रिजमध्ये कुणीतरी आधीच लिहून ठेवलंय!

त्या म्हणाल्या हे नवीन नाही. १८९८ मध्ये द्युगा नावाच्या फ्रेंच माणसानं या दुखण्याला डीपर्सनलायझेशन हे नाव दिलं, आणि तो शब्द त्यानं जिनिव्हाच्या आमिएल नावाच्या प्राध्यापकाच्या रोजनिशीतनं घेतला, ज्यानं स्वतःला असं जगापासून सुटल्यासारखं वाटतंय म्हणून १८८० मध्ये लिहून ठेवलं होतं. म्हणजे डीजे नाही, मोबाईल नाही, नाईट शिफ्ट नाही, तरी त्या माणसाला तेच. मला त्या अनोळखी माणसाबद्दल लई जवळचं वाटलं. आणि टिकून राहणारा हा त्रास साधारण शंभरात एक-दोघांना असतो. थोडा वेळ येऊन जाणारा तर कितीतरी जणांना येतो, जागरणानं, तापात, मोठा धक्का बसल्यावर. आपलं बेळगाव शहर २०११ च्या जनगणनेला पाच लाखाच्या आसपास होतं, त्याचे एक-दोन टक्के म्हणजे पाच ते दहा हजार माणसं. सीबीटी बसस्टँडवर, खडे बाजारात, बसमध्ये माझ्या शेजारी, कुणी ना कुणी असणारच आणि तो पण माझ्यासारखाच नीट हसत-बोलत असणार.

का होतंय? हे त्यांनी माझ्या भाषेत सांगितलं. संशोधकांचा एक अंदाज असा की भीती किंवा ताण एका हद्दीपलीकडं गेला की मेंदू भावनेची बाजू दाबून धरतो, माणूस कोसळू नये म्हणून. स्पिंडलवर लोड वाढला की मशीन अलार्म देऊन थांबतं, तसं. मशीन मोडलेलं नसतंय, वाचायला म्हणून थांबलेलं असतंय. मिरवणुकीत मला आला तो पॅनिक अटॅक होता, त्यात तीन आठवड्यांचं जागरण. मग अलार्म परत क्लियर का झाला नाही? तर मी दर दहा मिनिटाला जाऊन बघत होतो म्हणून, आहे का काच, गेली का, आत्ता खरं वाटतंय का, आणि दर वेळी बघितल्यावर भीती, भीती वाढली की काच जाड.

इथं मॅडमनी मला विचारलं, तुमच्या गो-नोगो गेजचं काय होतंय दिवसभर वापरून? म्हटलं झिजतंय की. म्हणून कॅलिब्रेशनला पाठवावं लागतंय, झिजलेलं गेज चांगला पीस पण नापास करतंय नाहीतर वाईट पास करतंय. त्या काही बोलल्याच नाहीत, नुसत्या बघत बसल्या, मलाच कळायला दोन मिनिटं लागली. मी रोज शंभर वेळा ‘खरं वाटतंय काय’ हे गेज स्वतःला लावत होतो. आमच्याकडं पण सगळे पीस तपासत नाहीत, सॅम्पल घेतात! मग घरचा अभ्यास असा ठरला की तपासायचं ते दिवसात तीन वेळाच, सकाळी आठ, दुपारी दोन, रात्री नऊ, वहीत शून्य ते दहा आकडा घालायचा, शेजारी त्या वेळी काय करत होतो, किती झोपलो, ते लिहायचं. मधल्या वेळात मनात आलं की ‘दोन वाजता बघू’ म्हणायचं आणि हातातलं काम करायचं. पहिला आठवडा जीव गेला माझा. पण वहीतनं एक गोष्ट दिसली जी मला कधी दिसली नसती, काच सारखी सारखीच नसते. शॉपमध्ये बोअर मोजताना २, ट्रॅफिकमध्ये ६, ट्यूबलाईटखाली मोबाईल बघत बसलो की ८, पोरीला आंघोळ घालताना ३. मी तर सगळ्यांना सांगत होतो की चोवीस तास सारखंच आहे.

ते पाच-चार-तीन-दोन-एक पण त्यांनी शिकवलं, पाच गोष्टी बघायच्या, चार हाताला लावून बघायच्या, तीन आवाज, दोन वास, एक चव. हे मी आधी मोबाईलवर वाचून करून बघितलं होतं आणि काही उपयोग झाला नव्हता, उलट बिघडलं. का ते इथं कळलं. मी ते परीक्षेसारखं करत होतो, पाच वस्तू बघितल्या, आता गेली काय काच? नाही गेली, म्हणजे मी संपलो. मॅडम म्हणाल्या काच घालवायला हे नाही करायचं, काच असू दे की, तिच्यासकट मशीनच्या कूलंटचा वास घ्या. मग मी तसं करायला लागलो. लंच झाला की गेटबाहेर पाच मिनिटं, कास्टिंगची गार कड हाताला, फाउंड्रीकडनं येणारा जळक्या वाळूचा वास, डब्यातल्या ठेच्याची चव. रविवारी सकाळी व्हॅक्सिन डेपोच्या ग्राउंडवर चालायला, तिथली जुनी झाडं, पावसाळ्यात खालची माती नुसती पायाला लागली तरी कळतंय. असं करता करता एक दिवस लक्षात आलं की दुपारचा आकडा घालायचा राहूनच गेलाय.

गोळीचं लोक विचारतात म्हणून सांगतो. खास या आजारासाठी म्हणून ठरलेली अशी गोळी नाही, हे डॉक्टरांनी आधीच सांगितलं, त्यांनी खोटी आशा दाखवली नाही. मला एन्झायटीसाठी दिली, नऊ महिने घेतली, पहिले दोन आठवडे मळमळलं, नंतर ठीक, आणि बंद करताना त्यांच्याच सांगण्यानं हळूहळू कमी केली. नाव मुद्दाम लिहीत नाही, तुम्ही माझी गोळी बघून मेडिकलमध्ये मागू नका. डॉक्टरांनी कंपनीसाठी चिठ्ठी दिली, चिठ्ठीत आजाराचं नाव न घालता फक्त नाईट शिफ्ट देऊ नये एवढंच. माझ्या मते निम्मं काम त्या चिठ्ठीनं केलं. सात तास झोप मिळायला लागली आणि वहीतले आकडे एकेकानं उतरले.

पाचव्या सेशनला त्यांनी बायकोला बोलावलं. ती चार महिने मनात काय घेऊन बसली होती ते मला तिथं कळलं. ती मॅडमना म्हणाली, “ह्यांचं माझ्यावरनं मन उडालंय असं मला वाटत होतं.” आणि मला म्हणाली, “अहो, ‘तू मला दिसत नाहीस’ असं म्हणाला असता तरी चाललं असतं, गप्प का बसलात?” मॅडमनी तिला समजावलं की माया गेलेली नाही, तिच्यापर्यंत जायची वाट बंद झालीय, आणि घरी ‘आता बरं वाटतंय काय’ हे दर तासाला विचारायचं नाही, कारण ते पण गेजच. त्याऐवजी ती मला कोथिंबीर निवडायला बसवायची. खरं सांगतो, ती कोथिंबीर निवडताना तिच्याशी जेवढं बोललोय तेवढं लग्नानंतर कधी बोललो नव्हतो.

पूर्ण गेलं काय? नाही. शेवटची मोजणी ५८ आली, ७० च्या खाली. जागरण झालं, ताप आला, की अजून येतंय, एखादा दिवस राहतंय, जातंय. यंदा विसर्जनाला गेलो, डीजेच्या पुढं नाही, रामदेव गल्लीच्या बाजूला पोरीला खांद्यावर घेऊन उभारलो. आवाज थोडा लांब गेला होता. पोरगी माझे केस ओढून मोरया म्हणत होती ते मात्र जवळ होतं.

आता तो एक स्टार. पहिली तक्रार, वेटिंगमध्ये पूर्ण नाव पुकारतात, आडनावासकट. बेळगाव एवढंसं, कुणी ना कुणी ओळखीचं निघतंच, मी पहिले दोन वेळा तोंडाला रुमाल बांधून बसलो होतो. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यात पेशंटची माहिती गुप्त ठेवणं हा हक्क म्हणून लिहिलाय, निदान टोकन नंबर तरी द्या. मी बोललो, आता टोकन चालू केलंय, पण गर्दी असली की परत नावावर येतात. दुसरी, मॅडमच्या खोलीचं पार्टिशन पातळ आहे, एकदा आतलं कुणाचं तरी रडणं बाहेर आम्ही सहा-सात जणांनी ऐकलं आणि सगळे खाली बघत बसलो, हे बरोबर नाही, त्या माणसावर अन्याय आहे. तिसरी, शनिवारी संध्याकाळी अपॉइंटमेंट सातची असली तर साडेआठ होतात, एन्झायटीच्या माणसाला दीड तास बसवणं म्हणजे काय ते तुम्हालाच जास्त माहिती. जिना उंच आहे, लिफ्ट नाही, म्हाताऱ्या माणसांना त्रास.

फी डॉक्टरांची पहिल्यांदा ६००, नंतर ४००, मॅडमचं सेशन पन्नास मिनिटांचं ८००. माझ्यासारख्या पगारदाराला जड गेलं, दोन महिने मॅडमनी सांगून पंधरा दिवसांवर नेलं तेव्हा निभावलं. ज्यांना हे परवडत नाही त्यांनी धारवाडला डिमहान्स या मानसिक आरोग्याच्या हॉस्पिटलला जावं, सरकारी आहे, आणि तिथं जाण्यात कमीपणा काही नाही, माझ्या त्या मित्राला पण मी नंतर हे नीट बसवून सांगितलं, आता तो धारवाडचं ते वाक्य म्हणत नाही. त्याच्या भावजयीला तो स्वतः घेऊन गेला. आणि रात्री अपरात्री मनात वाईट विचार आले तर सकाळची वाट बघू नका, १४४१६ लावा.

एक राहिलं. इथला पहिला माहितीचा फॉर्म कन्नड आणि इंग्रजीतच होता. आमची आई, सासूबाई, वडगाव-शहापूरची मागावर बसणारी विणकर माणसं, येळ्ळूर-खानापूरकडची शेतकरी माणसं, यांना तो कुणाकडनं तरी वाचून भरून घ्यावा लागतो, आणि ‘तुम्हाला मरावंसं वाटतंय काय’ हा प्रश्न पोरानं आईला वाचून दाखवायचा म्हणजे ती खरं उत्तर कसं देणार? मॅडमना म्हटलं मी मराठीत करून देतो. दोन रविवार गेले. बाकी सगळं जमलं, एकाच ठिकाणी अडलो, आजूबाजूचं ‘अनरियल’ वाटतंय काय, याला काय लिहायचं. अवास्तव लिहिलं तर आईला कळलं नाही. खोटं लिहिलं तर ती म्हणाली, खोटं म्हणजे कुणी फसवलंय काय? मग मी तिलाच विचारलं, आई, तुला कधी असं झालंय काय, सगळं आहे तिथंच आहे पण आपल्यापासनं लांब गेल्यासारखं. ती चुलीकडं बघत थोडा वेळ गप्प बसली, मग म्हणाली, “तुझे बाबा गेले तेव्हा वर्षभर होतं की. कुणाला सांगायचं?”

फॉर्मवर तेच लिहिलंय, ‘सगळं आहे तिथंच आहे पण लांब गेल्यासारखं वाटतं काय?’ रिसेप्शनला मराठी फॉर्म मागा, खालच्या ड्रॉवरमध्ये असतोय, आपणहून देत नाहीत.